अमरापूरकर, सदाशिव

अमरापूरकर, सदाशिव : (११ मे १९५०–३ नोव्हेंबर २०१४). मराठी रंगभूमीवरील नट व दिग्दर्शक आणि मराठी-हिंदी चित्रपटांतील चरित्र अभिनेते. मूळ नाव गणेशकुमार नरवडे. मित्रमंडळीत ते ‘तात्या’ या नावाने ओळखले जात. सदाशिव हे रंगभूमीवरचे नाव त्यांनी १९७४ च्या सुमारास धारण केले. जन्म अहमदनगर (आताचे अहिल्यानगर) येथे. त्यांच्या आडनावातील अमरापूर हे गाव शेवगाव तालुक्यात, नगर आणि बीड या दोन जिल्ह्यांच्या सीमेपासून फारसे दूर नसलेल्या भागात आहे. पुणे विद्यापीठातून इतिहास हा विषय घेऊन ते एम्. ए. झाले. हिंदी चित्रपटांच्या प्रेक्षकवर्गाला ते प्रामुख्याने खलनायक म्हणून परिचित असले, तरी त्यांच्या कारकीर्दीचा हा एक भागच होय. आणि तो कळण्यासाठीही त्यांची रंगभूमीवरील घडण प्रथम लक्षात घ्यावी लागते.

शेवगाव, पाथर्डी हे नगर जिल्ह्याचे पूर्वेकडील तालुके आणि त्यांना लागून असलेला बीड जिल्ह्याचा गेवराई, शिरूर, आष्टी हा पट्टा भूगोल, बोली, जत्रा-उरूस आणि पाण्याची टंचाई या सर्व बाबतींत एकच प्रदेश म्हणता येईल. राजकीय इतिहासाने मात्र तो दुभंगला होता. नगर ब्रिटिश अंमलाखाली होते, तर बीड सप्टेंबर १९४८ पर्यंत निजामाच्या हैदराबाद संस्थानात होते आणि १ नोव्हेंबर १९५६ रोजी मराठवाड्यासह ते द्वैभाषिक मुंबई राज्यात आले. या विभागणीचा परिणाम नाट्यव्यवहारावरही झाला. मराठी नाटक कंपन्यांचे दौरे, नाट्यगृहे, हौशी मंडळे यांची परंपरा नगरला सलग लाभली. बीडकडे भारूड, कीर्तन आणि तमाशाचे फड हेच दीर्घकाळ लोकांचे नाट्य होते. नगरच्या नटाला या दोन्ही गोष्टी हाताशी असत. शाहू मोडक हे मूळचे नगरचेच. अहमदनगर महाविद्यालयात इंग्रजीचे अध्यापन करता करता हौशी रंगभूमीवर उभे राहिलेले आणि पुढे तरुण तुर्क म्हातारे अर्क या नाटकामुळे महाराष्ट्रभर पोहोचलेले मधुकर तोरडमल हेही याच शहरात घडले. अमरापूरकरांच्या आधीच्या पिढीने घालून दिलेली वाट अशी होती.

त्या वाटेवरचा महत्त्वाचा टप्पा म्हणजे १९५४ मध्ये सुरू झालेली राज्य नाट्य स्पर्धा. जिल्ह्याच्या गावी नोकरी-व्यवसाय सांभाळून रात्री तालमी करणाऱ्या मंडळींना तिने परीक्षकांसमोर व दुसऱ्या केंद्रांतील प्रेक्षकांसमोर उभे राहण्याची संधी दिली. १९६० व १९७० या दशकांत मुंबई-पुण्याच्या रंगभूमीवर आणि पुढे चित्रपटांत आलेल्या अनेक चरित्र अभिनेत्यांचे खरे विद्यालय ही स्पर्धाच होती, असे म्हटल्यास अतिशयोक्ती होणार नाही. हौशी मंडळात नटसंच लहान असतो. जो आज म्हाताऱ्याचे काम करतो तोच उद्या दिग्दर्शन करतो, परवा नेपथ्याच्या फळ्या उचलतो. नायकाचा चेहरा नसलेल्या नटाला तेथे कोणी अडवत नाही. उलट वय, जात, प्रांत, धंदा यांची निरनिराळी सोंगे वठवणारा नटच मंडळाला हवा असतो. महाविद्यालयीन काळापासून अमरापूरकर या वातावरणात रमले. त्यांची शरीरयष्टी सामान्य होती आणि चेहरा नायकाचा नव्हता. पण आवाजावर व डोळ्यांवर त्यांची विलक्षण हुकमत होती आणि ती त्यांनी येथेच कमावली.

चित्रपटात त्यांचे पहिले लक्षणीय दर्शन झाले ते नचिकेत व जयू पटवर्धन दिग्दर्शित २२ जून १८९७ (१९७९) या मराठी चित्रपटात. चापेकर बंधूंनी पुण्यात केलेल्या रँडवधावरील या चित्रपटात त्यांनी लोकमान्य टिळकांची भूमिका केली. इतिहासाच्या पदवीधराला पहिलीच भूमिका ऐतिहासिक मिळावी, हा एक योगायोग. टिळकांचा जो पुतळेवजा अवतार मराठी माणसाच्या डोळ्यांसमोर असतो त्याला या वास्तवदर्शी चित्रपटात वाव नव्हता. नटालाही तो टाळूनच काम करायचे होते.

१९८१-८२ च्या सुमारास अविनाश मसूरेकर आणि भक्ती बर्वे यांच्यासमवेत त्यांनी हँड्स अप या व्यावसायिक नाटकात काम केले. ते नाटक चांगले चालले. चित्रपट दिग्दर्शक गोविंद निहलानी यांनी त्यांना याच नाटकात पाहिले आणि आपल्या पुढच्या चित्रपटासाठी निवडले. हा तपशील बहुतेक चरित्रपर लेखांत एक सुदैवी प्रसंग म्हणून येतो. परंतु निहलानी हे मूळचे छायालेखक. आक्रोश (१९८०) या आपल्या पहिल्याच चित्रपटात त्यांनी रंगभूमीवरून आलेल्या नटांकडून मोजके बोलणारा अभिनय करून घेतला होता. हुकमी हशा वसूल करणाऱ्या व्यावसायिक नटात दडलेला दुसरा नट त्यांना दिसला, हे श्रेय सुदैवाचे नसून त्या नजरेचे आहे.

१९८३ हे वर्ष अमरापूरकरांच्या कारकीर्दीतील निर्णायक वर्ष होय. या एकाच वर्षात विजय तेंडुलकरांच्या दोन कृतींशी त्यांचा दोन वेगळ्या नात्यांनी संबंध आला. त्यांतील पहिली कन्यादान. इंडियन नॅशनल थिएटरने रंगभूमीवर आणलेल्या या नाटकाचे दिग्दर्शन त्यांनी केले. समाजवादी नेते नाथ देवळालीकर यांची भूमिका श्रीराम लागू यांची होती. नाथांची मुलगी ज्योती एका दलित कवीशी, अरुण आठवलेशी, लग्न करते. त्याच्याकडून होणारी मारहाण, आणि जातिनिर्मूलनाचा ध्यास घेतलेल्या पित्याच्या श्रद्धेचे त्यामुळे काय होते, हा या नाटकाचा विषय आहे. दलित लेखक-कार्यकर्त्यांनी त्यावर तीव्र आक्षेप घेतले. अत्याचार सोसणाऱ्या समाजातील तरुणालाच अत्याचारी दाखवून नाटककाराने नेमके कोणाचे समाधान केले, हा त्यांचा प्रश्न निराधार नव्हता व आजही तो निकालात निघालेला नाही. पुढे १९९३ चा सरस्वती सन्मान याच नाटकासाठी तेंडुलकरांना मिळाला, तेव्हाही हा वाद पुन्हा उफाळला. अशा संहितेचे दिग्दर्शन करणे म्हणजे कोणत्याही एका पात्राच्या बाजूला नाटक झुकू न देणे. अरुण राक्षसी झाला तर आक्षेप खरा ठरतो, नाथ हास्यास्पद झाले तर नाटकच संपते. हा तोल तरुण दिग्दर्शकाकडे सोपवला गेला, यावरून रंगभूमीवरील जाणकारांत त्यांच्याविषयी काय मत होते याची कल्पना येते.

दुसरी कृती अर्धसत्य. श्री. दा. पानवलकर यांच्या ‘सूर्य’ या कथेवरून तेंडुलकरांनी पटकथा लिहिली, संवाद वसंत देव यांचे होते. मुंबई पोलीस दलातील उपनिरीक्षक अनंत वेलणकर (ओम पुरी) याची ही कथा. वेलणकरला ज्याच्यापुढे वारंवार हार खावी लागते तो गुंडांचा म्होरक्या रामा शेट्टी म्हणजे अमरापूरकर. चित्रपटात शेट्टीची दृश्ये मोजकी आहेत. तरीही संपूर्ण चित्रपटावर त्याची सावली राहते, आणि याचे कारण अभिनयात शोधावे लागते.

हिंदी चित्रपटातील खलनायक तोवर आवाजाने आणि वेषाने ओळखला जाई. शोलेमधील (१९७५) गब्बरसिंगनंतर तर प्रत्येक खलनायकाला हास्य, घोड्याची टाप किंवा एखादे पालुपद लागू लागले होते. रामा शेट्टीजवळ यातले काही नाही. तो लुंगी नेसून घरात बसलेला असतो. वेलणकर त्याला पकडायला येतो, तेव्हा तो रागावत नाही, पळत नाही, धमकीही देत नाही. दूरध्वनीवर बोलतो, आणि पोलीस अधिकाऱ्यालाच माघारी जावे लागते. दाक्षिणात्य वळणाची मुंबईची हिंदी तो अशा सुरात बोलतो, की समोरच्याला आपण एखाद्या दुकानात उधारी मागायला आलो आहोत असे वाटावे. खुर्चीत बसण्याची ढब, नजर न उचलता ऐकणे, उत्तरापूर्वी घेतलेला क्षणभराचा विराम या साधनांनीच हा नट सत्तेचे दर्शन घडवतो. रंगमंचावर विराम धरून ठेवणे फार कठीण, कारण प्रेक्षागृह लगेच खोकू लागते. तो धरण्याची सवय झालेल्या नटाला कॅमेऱ्यासमोर तो अधिकच फलदायी ठरतो.

शेवटच्या प्रसंगात हे सारे कसाला लागते. कोठडीत झालेल्या मृत्यूच्या प्रकरणात सापडलेला वेलणकर मदतीसाठी अखेर शेट्टीकडेच येतो. शेट्टी आता निवडून आलेला लोकप्रतिनिधी आहे. तो वेलणकरला मदत देऊ करतो, पण आपला माणूस म्हणून. येथे सामान्य नट विजयाने फुलून गेला असता. अमरापूरकरांचा शेट्टी मात्र किंचित कंटाळलेला, जवळजवळ कनवाळू वाटतो. रोजच्या व्यवहारातील आणखी एक सौदा तो उरकत असतो. या थंडपणामुळेच वेलणकरचा संताप आणि त्यातून घडणारी हत्या अपरिहार्य भासते. हिंसा येथे कायद्याच्या रक्षकाच्या हातून घडते आणि गुंड शेवटपर्यंत हातही उगारत नाही. कन्यादानमध्ये अत्याचारग्रस्ताची हिंसा आणि अर्धसत्यमध्ये पोलिसाची हिंसा, अशा एकाच लेखकाच्या दोन बाजू एकाच वर्षी हाताळल्यामुळे या नटाला शेट्टीची शांतता गवसली असावी, असे प्रस्तुत लेखकाला वाटते. या भूमिकेसाठी त्यांना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्याचा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला.

त्यानंतर हिंदी चित्रपटसृष्टीने त्यांना जे दिले ते संख्येने पुष्कळ व गुणाने विषम होते. अनिल शर्मा दिग्दर्शित हुकूमत (१९८७) आणि ऐलान-ए-जंग (१९८९) या धर्मेंद्र नायक असलेल्या चित्रपटांतील खलनायकांनी त्यांना देशभर लोकप्रिय केले. ज्या गर्जना, विचित्र वेष आणि पालुपदे रामा शेट्टीने हद्दपार केली होती, ती सर्व या चित्रपटांत त्याच नटाच्या अंगावर चढवली गेली. हे काम त्यांनी चोख केले. कधीकधी त्यात विडंबनाची झाकही दिसते. तथापि अर्धसत्यचा नट या गर्दीत हरवत गेला, हे नमूद करणे भाग आहे. रंगभूमीवरून हिंदी चित्रपटात गेलेल्या मराठी चरित्र अभिनेत्यांना हा अनुभव नवीन नाही. निळू फुले यांच्या सामना व सिंहासन या चित्रपटांतील कामांची जाण मराठी प्रेक्षकाला असते. हिंदी प्रेक्षकाला नसते. केशवराव दात्यांसारख्या रंगभूमीवरील श्रेष्ठ नटाला कुंकूमधील (१९३७) विजोड विवाह केलेल्या वृद्धाची भूमिका मिळाली ती शांताराम व प्रभात कंपनी यांच्यामुळे. चरित्र अभिनेत्याचा दर्जा त्याच्या हातात निम्माच असतो. उरलेला निम्मा लेखक व दिग्दर्शक ठरवतात.

महेश भट्ट दिग्दर्शित सडक (१९९१) या चित्रपटातील ‘महारानी’ ही त्यांची सर्वांत गाजलेली व सर्वांत वादग्रस्त ठरावी अशी भूमिका. कुंटणखाना चालवणाऱ्या तृतीयपंथी व्यक्तीचे हे पात्र. साडी, कुंकू, टाळीची लकब या ठरीव गोष्टी तर आहेतच. पण आवाजाची पट्टी क्षणात लाडिकपणातून क्रौर्याकडे नेण्याची त्यांची क्षमता या भूमिकेत पूर्णपणे प्रकट झाली. फिल्मफेअरने त्या वर्षापासून नकारात्मक भूमिकेसाठी स्वतंत्र पुरस्कार सुरू केला आणि त्याचे पहिले मानकरी अमरापूरकर ठरले. अभिनय म्हणून ही कामगिरी मोठी आहे. मात्र आज ती पाहताना दुसरी बाजूही दिसते. ज्या समाजघटकाला पडद्यावर एरवी फक्त हशासाठी आणले जाई, त्याला येथे केवळ भीतीसाठी आणले गेले. आणि नटाचे कौशल्य जितके मोठे, तितका तो ठसा खोल उमटला. एप्रिल २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तृतीयपंथीयांना कायदेशीर ओळख दिली. त्यानंतरच्या प्रेक्षकाला ‘महारानी’ निखळ आनंदाने पाहता येत नाही. सामाजिक चळवळीत आयुष्यभर वावरलेल्या या नटाच्या नावावर ही भूमिका असावी, ही विसंगती झाकून ठेवण्याचे कारण नाही.

विनोदाचे अंग त्यांना हँड्स अपच्या काळापासून होते. डेव्हिड धवन यांच्या आँखें (१९९३) व कुली नं. १ (१९९५) या चित्रपटांत त्याचा उपयोग झाला. कुली नं. १ मधील लग्न जुळवणारा शादीराम हा आपल्याकडील मध्यस्थाचा हुबेहूब नमुना आहे. इश्कमधील (१९९७) धनाढ्य पिता ही खलत्व आणि विनोद यांची बेरीज. नव्वदीनंतर हिंदीतील त्यांची कामे उत्तरोत्तर कमी होत गेली.

मराठीत मात्र याच काळात त्यांना वेगळ्या जातीच्या भूमिका मिळाल्या. सुमित्रा भावे व सुनील सुकथनकर यांच्या दोघी (१९९५) मधील मामा हे त्याचे उत्तम उदाहरण. लग्नाच्या दिवशीच आलेल्या संकटाने एक शेतकरी कुटुंब उद्ध्वस्त होते आणि थोरल्या मुलीला मुंबईची वाट धरावी लागते. हा मामा दुष्ट नाही, सज्जनही म्हणता येत नाही; गरिबीने ज्याची नीती व्यवहारी केली आहे असा खेड्यातला माणूस तो आहे. हिंदीतील पंचवीस खलनायकांपेक्षा या एका मामात नगर-बीडकडील माणसाची बोली व देहबोली अधिक सापडते. त्याच दिग्दर्शकद्वयाचा वास्तुपुरुष (२००२) आणि राजीव पाटील दिग्दर्शित सावरखेड एक गाव (२००४) हे त्यांचे अन्य उल्लेखनीय मराठी चित्रपट.

श्याम बेनेगल यांच्या भारत एक खोज (१९८८) या दूरदर्शन मालिकेत त्यांनी महात्मा फुले साकारले. टिळक आणि फुले या एकोणिसाव्या शतकातील महाराष्ट्राच्या परस्परविरोधी विचारधारांच्या दोन्ही प्रतिनिधींच्या भूमिका एकाच नटाने कराव्यात, हे दुर्मिळच. त्यातही ज्या दिग्दर्शकाच्या कन्यादानवर दलित चळवळीने आक्षेप घेतला होता त्यानेच पाच वर्षांनी जोतीरावांची भूमिका करावी, ही घटना त्याच्या वैचारिक प्रवासाच्या दृष्टीने अर्थपूर्ण वाटते.

हा प्रवास पडद्यापुरता नव्हता. अंधश्रद्धा निर्मूलन समिती, लोकशाही प्रबोधन व्यासपीठ, नगर येथील स्नेहालय ही संस्था आणि तेथील ऐतिहासिक वस्तुसंग्रहालय यांच्या कामात ते सहभागी होते. परिवर्तनवादी चळवळींतील पूर्णवेळ कार्यकर्त्यांना मानधन देता यावे म्हणून उभारण्यात आलेल्या सामाजिक कृतज्ञता निधीसाठी आचार्य अत्रे यांच्या लग्नाची बेडी या नाटकाचे प्रयोग झाले. श्रीराम लागू, निळू फुले, तनुजा यांच्याबरोबर अमरापूरकरही त्यांत होते. नामवंत नटांनी गावोगाव हिंडून एका जुन्या प्रहसनाच्या बळावर कार्यकर्त्यांसाठी निधी गोळा करावा, असा प्रकार मराठी रंगभूमीच्या इतिहासात क्वचितच घडला आहे.

२०१२-१३ मध्ये मराठवाड्यात पडलेल्या दुष्काळाची तुलना १९७२ च्या दुष्काळाशी केली गेली. बीड, जालना, उस्मानाबाद (आताचे धाराशिव) या जिल्ह्यांत आणि लगतच्या नगर जिल्ह्यात टँकर व गुरांच्या छावण्या हेच जगण्याचे आधार झाले होते. मार्च २०१३ मध्ये होळीच्या निमित्ताने मुंबईतील त्यांच्या राहत्या परिसरात कृत्रिम पावसाखाली नाचण्याचा कार्यक्रम चालू असता त्यांनी पाण्याच्या या नासाडीला हरकत घेतली, तेव्हा त्यांना मारहाण झाली. पडद्यावर शेकडो वेळा लोकांना छळणाऱ्या या माणसाने बासष्टाव्या वर्षी पाण्यासाठी मार खाल्ला. वृत्तपत्रांतून त्याची चर्चा काही दिवस झाली व थांबली. ज्या प्रदेशातून ते आले होते, तेथे हंड्याभर पाण्याची किंमत कोणी कोणाला समजावून सांगत नाही.

त्याच वर्षी प्रदर्शित झालेल्या बॉम्बे टॉकीज या चार लघुपटांच्या संकलनात दिबाकर बॅनर्जी यांनी सत्यजित राय यांच्या ‘पटोलबाबू, फिल्मस्टार’ या कथेवरून केलेल्या भागात ते दिसले. एका चित्रपटात रस्त्याने जाणाऱ्याचे क्षणभराचे काम मिळालेला अयशस्वी नट (नवाजुद्दीन सिद्दीकी) आणि त्याच्या मनश्चक्षूंपुढे उभी राहून त्याला अभिनयाचा धडा देणारी जुन्या रंगभूमीवरील व्यक्ती, असा हा प्रसंग. छोट्या भूमिकेचे मोल सांगणारे हे काम त्यांच्या अखेरच्या पडद्यावरील कामांपैकी ठरले.

बीड-नगरच्या या पट्ट्यातून नट येण्याची परंपरा पुढेही चालू राहिली. परेश मोकाशी दिग्दर्शित हरिश्चंद्राची फॅक्टरी (२००९) मध्ये दादासाहेब फाळके साकारणारे नंदू माधव हे बीड जिल्ह्यातील गेवराईचे, तर वऱ्हाड निघालंय लंडनला हा लक्ष्मण देशपांडे यांचा एकपात्री प्रयोग पुन्हा रंगमंचावर आणणारे संदीप पाठक हे माजलगावचे. दोघांनीही नायकपदाच्या मागे न लागता चरित्र भूमिकांतून नाव मिळवले. तालुक्याच्या गावी वाढलेल्या नटाला आता आपली बोली लपवावी लागत नाही, हा अमरापूरकरांच्या पिढीनंतर पडलेला फरक आहे.

फुप्फुसाच्या संसर्गाने अमरापूरकरांचे मुंबई येथे निधन झाले. अंत्यसंस्कार त्यांच्या जन्मगावी, अहमदनगर येथे करण्यात आले.